डाव्या वळणावरचा आवाज

“शोभतात का हे असले बूट तुला? एवढी देखणी तू, आणि पायात हे! ज्यानं घातले ना, त्याला धरून आणलं पाहिजे.”

ही कुरकुर माझ्या अगदी बुडाखालून आली. मी जुन्या गाड्या विकणाऱ्याच्या आवारात एका गडद निळ्या सेडानमध्ये बसून बघत होते. दार उघडं, एक पाय आत, एक बाहेर. बाहेरच्या पायात दवाखान्यातला पांढरा रबरी बूट. दिवसभर उभं राहायला बरा, पण घातला की माणूस बदकासारखा दिसतो. घाईत तसाच घालून आले होते.

मी पाय आत ओढून घेतला. “माझ्या बुटांबद्दल तुम्हाला कुणी विचारलं?”

खाली काहीतरी खणकन पडलं. मग चाकं लावलेल्या फळीवर उताणा झोपलेला एक माणूस घरंगळत बाहेर आला. कपाळावर ग्रीसचा पट्टा, हातात बॅटरी, आणि चेहऱ्यावर चोरी पकडली गेल्यासारखे भाव.

“तुम्हाला नाही हो... हिला म्हणत होतो. टायर बघा ना हिचे.” मग त्याची नजर माझ्या पायांकडे गेली. “तुमचे... ठीक आहेत.”

“ठीक?”

“आरामाचे असतील,” तो घाईघाईनं म्हणाला, आणि आणखी काही बोलून फसायच्या आत उठून उभा राहिला.

तो मागच्या गल्लीत स्वतःचं छोटंसं गॅरेज चालवणारा मेकॅनिक होता. विक्रीला आलेल्या गाड्या आधी तपासून द्यायला आवारवाला त्याला बोलवायचा. गाडी दिसायला अगदी घरंदाज होती. चार दारं, मागे तिघांना ऐसपैस जागा, डिकीत अख्खं बिऱ्हाड मावेल. पण चावी फिरवली की सीटखालून जी गुरगुर यायची, ती घरंदाज नव्हती.

“घेऊ नका,” तो म्हणाला.

“का? काही बिघाड आहे?”

“काहीच नाही. म्हणून तर.” त्यानं बॉनेटवरून हात फिरवला, घोड्याच्या मानेवरून फिरवतात तसा. “तुम्ही हिला घर ते दवाखाना आणि दवाखाना ते घर फिरवाल. हिला वळणं लागतात हो. उदास होईल बिचारी.”

“मी दवाखान्यात जाते हे तुम्हाला कुणी सांगितलं?”

त्यानं नुसतं बुटांकडे पाहिलं.

“आईसाठी हवीये,” मी म्हटलं. “तिचे गुडघे दुखतात.”

“मग तर मुळीच नको. फार बसकी आहे. आत बसणार नाही, पडतील त्या. बाहेर काढायला दोन माणसं लागतील.”

“तुम्ही विकणाऱ्याच्या बाजूचे की घेणाऱ्याच्या?”

“मी गाडीच्या बाजूचा.”

“एवढी आवडलीये, तर तुम्हीच का नाही घेत?”

त्यानं फडकं उचललं. मग हात पुसत, माझ्याकडे न बघता म्हणाला, “मी एकटा. मागची सीट रिकामी राहील. वेगानं जायचं तर एकट्यानंच जायचं, असं कुणीतरी ठरवून ठेवलंय. मला नाही पटत. ही कशी, सगळ्या घराला पोटात घेऊन वळणं घेते. घर असलेल्यानंच घ्यावी ती.”

मी त्याच संध्याकाळी आवारवाल्याला हो म्हणून टाकलं. मैत्रिणी म्हणाल्या, इंजिनाला भुललीस. म्हणू देत. अगदीच काही खोटं नव्हतं.

आईनं पहिल्याच दिवशी निकाल दिला. “ही गाडी आहे की विहीर?” आत बसताना ती म्हणाली. उतरताना म्हणाली, “तू जा घरी. मी आता इथंच राहते. डबा आणून देत जा.” आयुष्यभर शिवणाचा क्लास चालवलेली बाई, चुकलेली टीप तिला दारातून दिसायची. माझी ही टीप तिला कुठं चुकली ते मात्र तिनं सांगितलं नाही. नुसती हसली, चष्म्याच्या वरून.

इथं एक गोष्ट सांगून टाकते, म्हणजे पुढचं कळेल. माझं लग्न एकदा ठरलं होतं. माणूस वाईट नव्हता. एका दुपारी आमच्याच खोलीत बसून त्यानं अगदी साधेपणानं विचारलं, “पण मग आईचं काय?” आतल्या खोलीत आई शिवत होती. मशीन थांबलं. मग पुन्हा सुरू झालं, पण आधीपेक्षा जोरात. ते लग्न झालं नाही. आई त्याबद्दल कधी बोलली नाही आणि मीही नाही. मी एवढंच शिकले की कुणालाही त्या प्रश्नापर्यंत पोचू द्यायचं नाही. हसायचं, बोलायचं, आणि त्या दाराच्या अलीकडूनच परत पाठवायचं. मला ते छान जमायला लागलं होतं. इतकं छान, की बरीच वर्षं कुणी आलंच नाही.

तर, गाडी घेतल्यावर पहिल्याच रविवारी मी त्याच्या गॅरेजात गेले. नवे टायर घालायला.

“घेतलीत?” तो म्हणाला. आवाजात वैताग आणायचा त्यानं बराच प्रयत्न केला.

“तुम्ही बूट नावाजले नाहीत ना, म्हणून बदलायला आणली.”

नवे टायर बसले की एक चक्कर मारून बघावी लागते, असं तो म्हणाला. गाव संपतं तिथं तलावाकडे जाणारा टेकडीचा रस्ता होता, वळणावळणांचा. जाताना त्यानं चालवली, येताना माझ्या हातात दिली.

“वळणात शिरायच्या आधी हळू. आत गेल्यावर घाबरून ब्रेक नाही मारायचा. बाहेरचा रस्ता दिसला की मोकळी सोडायची.”

“आणि नाही दिसला तर?”

“दिसतो. बघत राहिलं की दिसतो.”

दोन्ही बाजूंना ओली झाडं, काचेवर बारीक भुरभुर, वायपरची ये-जा. मी गिअर बदलताना चुकायचे, तेव्हा त्याचा हात माझ्या हाताजवळ यायचा आणि बोटभर अंतरावर थांबायचा. टेकायचा नाही. गाडीत बसायच्या आधी तो साबणाच्या चुऱ्यानं हात खसखसून धुवायचा. नखांच्या कडेला तरी काळी रेघ राहायचीच. त्या बोटभर अंतरात मला साबणाचा वास यायचा, आणि पुढचं वळण हमखास चुकायचं.

“लक्ष कुठाय?” तो विचारायचा.

“रस्त्यावर,” मी सांगायचे.

गाडीत बोलणं सोपं जातं, कारण दोघांनाही समोर बघायचं असतं. त्याच्याकडे न बघता मी त्याला बरंच काही सांगितलं. माझं काम काय, ते सांगितलं. मी लोकांचे कान तपासते. आवाज आत-बाहेर न जाणाऱ्या एका छोट्या खोलीत माणसाला बसवायचं, कानाला हेडफोन लावायचा, बारीक-बारीक आवाज सोडायचे. ऐकू आला की त्यानं हातातलं बटण दाबायचं.

“म्हणजे तुमच्यापासून काही लपत नाही,” तो म्हणाला.

“आवाज लपत नाही. बाकीचं लपतं.”

टायरनंतर ब्रेक झाले. मग स्प्रिंगा आणि शॉकअप. मग हवा ओढायचा फिल्टर, मग सायलेन्सर. गाडीला खरंच हे सगळं हवं होतं का? गाडीच जाणे. प्रत्येक नव्या भागानंतर एक चक्कर मारावी लागायची, हे मात्र मला नक्की ठाऊक होतं. शेजारीण म्हणाली, “अगं, जुनी गाडी घेऊन नवी करतेस, त्यापेक्षा नवीच घ्यायचीस!” तिला काय सांगणार? नव्या गाडीला मेकॅनिक लागत नाही.

स्प्रिंगा बदलल्यावर गाडी आणखी दोन बोटं खाली बसली आणि आईनं त्याचं नाव ‘जमीनदार’ ठेवलं. “विचार तुझ्या जमीनदाराला, अजून किती खाली नेणार आहेस मला!” ती म्हणायची. “एकदाच काय ते पुरून टाका म्हणावं.”

मी हसत-हसत त्याला सांगितलं. तो हसला नाही. पुढच्या रविवारी गाडी परत घ्यायला गेले, तर मागची डावी सीट, आई बसते ती, आतून कडक फोम भरून उंच केलेली. वर दाराच्या चौकटीला एक जाडजूड मूठ लावलेली. मी यातलं काही करायला सांगितलं नव्हतं.

आई सीटवर टेकली. मुठीला धरून उठली. परत बसली. पुन्हा उठली.

“शिवण कुणी घातली ही?” तिनं विचारलं.

“त्यांनीच. हातानं.”

तिनं शिवणीवरून अंगठा फिरवला, शेवटपर्यंत. “टाके सरळ आहेत,” ती म्हणाली. तिच्या तोंडून मी याहून मोठी स्तुती आजवर ऐकलेली नाही. माझीसुद्धा नाही.

आणि मग एक दिवस गाडी झाली.

“झाली,” तो फडक्याला हात पुसत म्हणाला. “आता हिला काही म्हणता काही नको.”

“काहीच नाही? आरसे वगैरे?”

“आरसे छान आहेत.”

“दिवे?”

“दिवेही.” तो फडक्याला हात पुसतच राहिला. हात कधीच स्वच्छ झाले होते. “सहा महिन्यांनी ऑइल बदलायला आणा.”

सहा महिने! मी थँक्यू म्हटलं. इतक्या वाईट मनानं मी आजवर कुणाचे आभार मानले नव्हते. घरी येताना मी मुद्दाम खड्ड्यातून गाडी घातली. तिनं तो खड्डा गुपचूप गिळून टाकला. इतकं चांगलं काम करावं का माणसानं?

पुढच्याच आठवड्यात आईला गुडघ्यांच्या व्यायामाला घेऊन निघाले, आणि डाव्या वळणावर — टक.

उजव्या वळणावर काही नाही. पुन्हा डावीकडे वळले — टक... टकटक.

मी दिवसभर लोकांना आवाज ऐकवते. तिसऱ्या वळणापर्यंत मला कळलं होतं की पुढच्या डाव्या सीटच्या खाली पत्र्याची एक छोटी डबी आहे, तिच्यात काहीतरी लहान आणि टणक आहे, आणि गाडी डावीकडे वळली की ती सरकून सीटच्या लोखंडी पट्टीवर आपटते. आईला सोडल्यावर हात घालून पाहिलं. होतीच. आईची पेपरमिंटच्या गोळ्यांची जुनी डबी. आत गोळी नव्हती, शर्टाची दोन बटणं होती.

विसरली असेल, मी मनात म्हटलं. डबी पर्समध्ये टाकली. पर्स बंद केली. मग पर्स उघडली, डबी काढली... आणि जिथून घेतली होती तिथंच अलगद ठेवून दिली.

रविवारी गॅरेजात.

“आवाज येतोय कुठून तरी.”

“आवाज?” त्याचा चेहरा एकदम उजळला आणि मग त्यानं तो घाईनं काळजीचा केला. “वाईट असतं हं असं. बघायला हवं. चक्कर मारावी लागेल.”

त्यानं गाडी चालवली. मी शेजारी बसले. डावं वळण आलं आणि डबी माझ्या बरोब्बर खाली वाजली.

“मागून येतोय,” तो म्हणाला.

“मागून?” मी सीटला घट्ट धरलं. हसू येत होतं. “असेल.”

“अवघड आवाज आहे. एका दिवसात नाही सापडायचा. पुढच्या रविवारी डिकी उघडून बघतो.”

पुढच्या रविवारी त्यानं डिकी उघडली. त्याच्या पुढच्या रविवारी दारांची आतली पॅनेलं काढली. दर वेळी चक्कर, दर वेळी टकटक, आणि दर वेळी तो गंभीरपणे मान हलवायचा. रस्त्यापलीकडून जाणाऱ्या रिकाम्या टेम्पोचं कुठलं चाक कुरकुरतंय ते सांगणारा माणूस! त्याला हाताएवढ्या अंतरावरची डबी सापडेना.

“तुमचे कान तपासायला हवेत,” एकदा मी म्हटलं. “मला काळजी वाटायला लागलीये.”

“तपासा की.”

तो खरंच आला. इस्त्रीचा शर्ट घालून. मी त्याला त्या छोट्या खोलीत बसवलं, हेडफोन लावला. लावताना कानाजवळचे केस बाजूला करावे लागतात, सगळ्यांचेच करावे लागतात. रोज करते. त्या दिवशी मात्र मला ते काम एकदम कठीण वाटायला लागलं. हातात बटण दिलं, जड दार लावून घेतलं, आणि काचेच्या अलीकडे येऊन बसले.

“ऐकू आलं की दाबायचं,” मी माइकमध्ये सांगितलं. “कितीही बारीक असलं तरी.”

त्यानं मान हलवली. मी आवाज सोडत गेले. जाड, मग पातळ, मग सुईच्या टोकासारखा. त्याचा अंगठा हलायचा आणि माझ्याकडे दिवा लागायचा. डोळे मिटून बसला होता. पापण्यांच्या कोपऱ्यातही काळेपणाची एक बारीक रेघ होती. कामाची. मी बघत राहिले. किती वेळ, कोण जाणे. आवाज सोडायचंच विसरले.

त्यानं डोळे उघडले. काचेतून माझ्याकडे पाहिलं, सरळ. आमच्यामध्ये ना रस्ता होता, ना वायपर. आणि अंगठा दाबला.

दिवा लागला.

“आवाज नव्हता,” मी माइकमध्ये म्हटलं. माझाच आवाज मला अनोळखी वाटला.

“मला आला,” तो म्हणाला.

कान उत्तम होते. अगदी वरच्या पट्टीत किंचित कमी, हातोड्याजवळ काम करणाऱ्यांचे असतात तसे. “सांभाळा,” मी एवढंच म्हणू शकले.

त्या संध्याकाळी मी सीटखालून डबी काढली. नीट उजेडात धरून पाहिली. झाकणावर, मधोमध, ग्रीसचा अंगठा उमटला होता. जुना, वाळलेला. आवाज शोधायला निघालो त्या पहिल्याच रविवारचा असावा.

म्हणजे त्याला सापडली होती. त्यानं ती काढली होती, उघडली होती, आणि जागच्या जागी ठेवून दिली होती. माझ्यासारखीच! मी ती डबी गालाला लावली. एवढी मोठी बाई, पार्किंगमध्ये उभी राहून पत्र्याची डबी गालाला लावतेय. बघणाऱ्यानं खुशाल बघावं. ठसा मात्र पुसला नाही.

दिवस असे चालले होते. आम्ही दोघं आवाज शोधत होतो आणि तो सापडू नये म्हणून जपत होतो. मग एका रविवारी आवाज एकाएकी वाढला. टक नाही, ठक! त्यानं दचकून माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे. दोघांच्याही चेहऱ्यावर एकच: मी नाही!

घरी आल्यावर डबी उघडली. दोन बटणांच्या जोडीला एक मोठं पितळी बटण होतं, जुन्या कोटाचं. तो कोट मला माहीत होता. तो आईनं उसवला होता. ती बटणं तिच्या शिवणाच्या पेटीत तळाशी असायची.

आई ओट्याशी उभी राहून चहा गाळत होती.

“आई, गाडीत कसला आवाज येतो गं?”

“कसला? मला नाही बाई काही येत.” तिनं चहा गाळता-गाळता सांगितलं. “वय झालं आता.”

तिचे कान दर वर्षी मीच तपासते. तिसऱ्या मजल्यावर कुणी पेपरमिंटचा कागद उलगडला तरी तिला कळतं. मी तिच्या पाठीकडे बघत राहिले. गुडघे दुखत असताना वाकून, पुढच्या सीटखाली हात घालून... विहिरीला नावं ठेवणारी ही बाई! मला जवळ जाऊन तिला मिठी मारावीशी वाटली. पण मिठी मारली असती तर का मारली ते सांगावं लागलं असतं. मी कप घेतला आणि चहा प्याले.

आम्ही तिघंही हुशार होतो. हुशारीनंच घात केला असता.

पावसाळी रविवार होता. तलावाच्या वरच्या वळणावर त्यानं गाडी बाजूला घेतली. खाली पाणी राखाडी दिसत होतं.

“मला बोलावलंय,” तो म्हणाला. समोर बघत. “मोठ्या शहरात. शर्यतीच्या गाड्यांची टीम आहे. त्यांचा मुख्य मेकॅनिक म्हणून.”

“अरे वा,” मी म्हटलं.

“महिनाअखेरीला हजर व्हायचंय. गॅरेजात माझा एक भागीदार आहे, तो बघेल सगळं.”

“अरे वा,” मी पुन्हा म्हटलं. तेवढे दोनच शब्द जवळ होते.

“तुम्हाला काय वाटतं?”

इथं बोलायचं होतं. मला कळत होतं, इथंच. घशापर्यंत आलंही. पण त्याच्या मागोमाग दुसरंही आलं... आतल्या खोलीतलं थांबलेलं मशीन. आज हा विचारत नाही. मी एक शब्द बोलले तर उद्या विचारेल. सगळे विचारतात. आणि याच्या तोंडून तो प्रश्न मला सोसवला नसता. बाकी कुणाच्याही तोंडून चालेल. याच्या नको.

“चांगली संधी आहे,” मी म्हणाले. “सोडू नका.”

त्यानं चावीला हात घातला. “हो,” तो म्हणाला. “संधी चांगली आहे. फक्त त्या गाड्यांना मागची सीट नसते.”

त्यानं गाडी सुरू केली. डावं वळण आलं. टक, टक, ठक.

त्यानंतर मी गॅरेजात गेले नाही. दवाखान्यात लोकांचे कान तपासत राहिले. काचेपलीकडे कुणी डोळे मिटून बसलं की मला पुढचा आवाज सोडायला उशीर व्हायचा. एका आजोबांनी तर विचारलं, “पोरी, मी बहिरा झालो की तूच गप्प बसलीयेस?” घरी आई चष्म्याच्या वरून बघायची. काही विचारायची नाही. तिच्या मशीनचा आवाज मात्र दिवसदिवस वाढत चालला होता.

तो जायच्या आदल्या दिवशी बेल वाजली. दारात तोच होता. इस्त्रीचा शर्ट, केस ओले.

“जाण्याआधी तो आवाज काढून देतो,” तो म्हणाला. “नाहीतर तुम्हाला दुसऱ्या कुणाकडे जावं लागेल.”

“राहू दे,” मी म्हटलं. “सवय झालीये.”

“मीपण येते,” आई आतून म्हणाली, आणि आम्ही दोघं काही बोलायच्या आत चप्पल घालून दारात. “चला. आकाश मोकळं आहे तोवर.”

आकाश मुळीच मोकळं नव्हतं. भुरभुर सुरू होती. मी चालवायला बसले, तो शेजारी, आई मागे तिच्या उंच सीटवर. गाव मागे पडलं. टेकडीचा रस्ता सुरू झाला. पहिलं डावं वळण दिसलं तेव्हा माझी बोटं स्टिअरिंगवर आवळली गेली. शेवटचं ऐकून घ्यावं, असं वाटलं. वळणाआधी हळू, आत गेल्यावर ब्रेक नाही...

वळण गेलं. आवाज आला नाही.

त्यानं किंचित मान वळवली. मी समोर बघत राहिले. दुसरं डावं वळण आलं. तेही गेलं. गाडी रेशमासारखी वळली. टायरखालचं पाणी ऐकू येत होतं, वायपर ऐकू येत होता, माझा श्वाससुद्धा. तेवढं एक टक नव्हतं.

म्हणजे यानंच काढून टाकली. जाणारच आहे, तर कशाला... माझे डोळे भरून आले आणि रस्ता धूसर झाला.

“काढलीत तुम्ही,” तो हळूच म्हणाला.

“मी? मी नाही. मला वाटलं तुम्ही...”

“मी नाही.”

आम्ही दोघांनी एकदम आरशात पाहिलं. मागे आई अगदी ताठ बसली होती. एका हातात दारावरची मूठ. दुसऱ्या हाताची मूठ मांडीवर, घट्ट मिटलेली, आणि बोटांमधून पत्र्याची डबी दिसत होती.

“हात दुखायला लागला माझा,” ती म्हणाली. “किती दिवस धरून बसू? मी ठेवायची, यानं बघून परत ठेवायची, आणि तू ऐकून न ऐकल्यासारखं करायचंस. कोटाचं बटण घातलं, म्हटलं आता तरी कुणी बोलेल. कुठलं काय! दोघंही डिकीच उघडताहेत.”

कानापर्यंत लाल झाला होता तो. मीही झाले असणार.

“काकू...”

“थांब रे, माझं झालेलं नाही.” तिचा आवाज जरासा कापला. मग तिनं तो सरळ केला, कापड सरळ करावं तसा. “त्या वेळी त्या माणसानं विचारलं, आईचं काय. तेव्हा मी आत बसून राहिले. बाहेर येऊन सांगायला हवं होतं की आईचं आई बघेल. नाही सांगितलं. तेव्हापासून ही दारातच उभी आहे, कुणी आत येऊ नये म्हणून. माझ्यासाठी. आणि मला वाईट वाटेल म्हणून तेही बोलत नाही.”

वायपर एकदा गेला, एकदा आला.

“मी ते कधीच विचारणार नव्हतो,” तो म्हणाला. काचेकडे बघत, अगदी हळू. “त्यांची सीट मी आधीच शिवली होती.”

मला पुढचं दिसेना. मी गाडी बाजूला घेतली. हँडब्रेक ओढला. इंजिन बंद केलं. आमच्यात इतका काळ जो रस्ता होता, ज्याच्याकडे बघून आम्ही सगळं बोलत आलो होतो, तो आता नुसता समोर पडला होता, ओला, रिकामा. मी त्याच्याकडे वळले. पूर्ण वळले. तो आधीच माझ्याकडे बघत होता, त्या दिवशी काचेपलीकडून बघत होता तसा. त्याच्या उजव्या हाताचा अंगठा गुडघ्यावर उचललेला होता, वाट बघत.

मागे आईनं श्वास रोखून धरला होता. तेही मला ऐकू आलं.

“जाऊ नकोस,” मी म्हणाले. “मला तू हवा आहेस.”